गेम खेळताना कॉल, पॉप-अप आणि लॅगचा (गेम अडखळण्याचा) त्रास कसा थांबवायचा? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ग्रुपवर दर आठवड्याला कोणीतरी तेच विचारतं, "भावा लास्ट सर्कलला कॉल आला आणि मेलो, काय सेटिंग करू?" म्हणून एकदाचं सगळं एका जागी लिहून ठेवतोय. उदाहरणं जास्त करून बीजीएमआयची (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, शेवटपर्यंत टिकून राहायचा शूटिंग गेम) आहेत कारण आम्ही तेच खेळतो, पण फ्री फायर मॅक्स असो, कॉल ऑफ ड्युटी असो नाहीतर ऑनलाइन चेस, घोडं सगळीकडे त्याच ठिकाणी अडतं. आणि सेटिंगची नावं प्रत्येक कंपनीची वेगळी असतात, तेव्हा शब्द जसाच्या तसा सापडला नाही तर सेटिंगमध्ये वर जो सर्च असतो तिथे टाकून बघा.

मी डीएनडी (फोनमधलं डू नॉट डिस्टर्ब) लावतो, तरी मॅच का बिघडते?

कारण डीएनडी फक्त आवाज बंद करतं, आणि बिघडवणाऱ्या गोष्टी तीन आहेत. एक, रिंगटोन आणि टिंगटिंग, ज्यामुळे समोरच्याच्या पावलांचा आवाज ऐकू येत नाही. दोन, स्क्रीनवर वरून उतरणारी पट्टी, जी नेमकी कंपासवर येऊन बसते आणि घाईत बोट लागलं की गेम मागे आणि व्हॉट्सॲप पुढे. तीन, नेट तुटणं, आणि हे सगळ्यात वाईट कारण यात स्क्रीनवर काहीच दिसत नाही, नुसतं पिंग (सर्व्हरपर्यंत जाऊन यायला लागणारा वेळ) लाल होतं आणि तुमचा प्लेअर मैदानात पुतळ्यासारखा उभा. डीएनडी पहिल्याचा बंदोबस्त करतं, दुसऱ्याचा अर्धवट, तिसऱ्याशी त्याचा काही संबंधच नाही. ज्यांना "सगळं करून बघितलं" असं वाटतं त्यांनी बहुतेक वेळा पहिलंच तीनदा केलेलं असतं.

डीएनडी चालू असताना पण पट्टी का येते मग?

ॲन्ड्रॉइडमध्ये डीएनडीच्या आत अजून एक सेटिंग असते, नोटिफिकेशन नुसती म्यूट करायची की दिसू पण द्यायची नाही. बऱ्याच फोनवर ती आधीपासून "फक्त आवाज नको" वर असते. डीएनडीच्या सेटिंगमध्ये आत जाऊन "हाइड नोटिफिकेशन" किंवा "डिस्प्ले ऑप्शन" असं काहीतरी शोधा आणि स्क्रीनवर पॉप-अप नको हे चालू करा. हे एकदाच करायचं असतं पण कोणी करत नाही, कारण तिथपर्यंत कोणी जातच नाही.

मग गेम मोड कशाला असतो? तो वेगळा का?

वेगळाच आहे आणि डीएनडीपेक्षा जास्त कामाचा आहे, कारण गेम उघडला की चालू होतो आणि बंद केला की आपोआप बंद. शाओमी, रेडमी, पोकोमध्ये गेम टर्बो, सॅमसंगमध्ये गेम बूस्टर, व्हिवो आणि आयकूमध्ये अल्ट्रा गेम मोड, ओप्पो-रियलमीमध्ये गेम स्पेस किंवा नुसतं गेम्स, मोटोरोलामध्ये मोटो गेमटाइम. पिक्सेलवर ॲन्ड्रॉइड १२ पासून गेम डॅशबोर्ड आलाय.

पहिलं काम म्हणजे तुमचा गेम त्या यादीत ॲड झालाय का ते बघा. प्ले स्टोअरवरून घेतलेला गेम सहसा आपोआप ॲड होतो, पण बाहेरून टाकलेला किंवा क्लोन केलेला होत नाही आणि मग लोक म्हणतात गेम टर्बो चालतच नाही. दुसरं, गेम चालू असताना कोपऱ्यातून बोट ओढून तो छोटा पॅनल उघडा आणि कॉल, मेसेज, पट्टी यांचं काय करायचं ते तिथे निवडा. आणि तिथेच कुठेतरी जेस्चर लॉकचा किंवा मिसटचचा ऑप्शन असतो तो पण लावा, कारण निम्म्या वेळा गेम बाहेर जातो तो कॉलमुळे नाही तर आपलाच अंगठा कडेला घासून "बॅक" दाबला जातो म्हणून. याला कोणीच कॉलइतक्या शिव्या देत नाही, पण माझ्या मते खरा व्हिलन हाच आहे.

"परफॉर्मन्स बूस्ट", "रॅम क्लीन" वगैरे जे रॉकेट उडतं त्याने फार फरक पडत नाही. बघायला भारी वाटतं एवढंच.

आयफोनवर काय करायचं?

आयओएस १८ पासून, म्हणजे २०२४ पासून आयफोनवर गेम मोड आहे, गेम उघडला की आपोआप लागतो, बॅकग्राउंडची कामं कमी करतो आणि ब्लूटूथ कंट्रोलर, एअरपॉड्स यांचा उशीर कमी करतो. पण तो नोटिफिकेशन थांबवत नाही! नावामुळे सगळे इथे फसतात. त्यासाठी फोकस वापरायचा, जो आयओएस १५ पासून आहे. फोकसमध्ये गेमिंग नावाचा तयार प्रकार आहे, त्यात कोणाचे कॉल येऊ द्यायचे ते निवडायचं आणि खाली शेड्यूलमध्ये ॲप म्हणून आपला गेम टाकायचा, म्हणजे गेम उघडला की फोकस लागतो. कॉल पूर्ण स्क्रीनवर येत असेल तर फोनच्या सेटिंगमध्ये इनकमिंग कॉल बॅनरवर ठेवा.

कॉल आला की नेटच बंद होतं, उचलला नाही तरी. का?

हा सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न आणि याचं उत्तर थोडं लांब आहे, बसा.

४जीवर कॉल दोन प्रकारे येतो. व्होल्टी (VoLTE, म्हणजे ४जीवरूनच कॉल करायची सोय) चालू असेल तर कॉल त्याच ४जीवरून येतो आणि डेटा चालू राहतो. व्होल्टी बंद असेल तर फोन कॉल घेण्यासाठी ४जी सोडून खाली २जी किंवा ३जीवर उतरतो, आणि २जीवर कॉल चालू असताना डेटा थांबतो. रिंग वाजायच्या आधीच फोन खाली उतरलेला असतो म्हणून तुम्ही कट केला तरी नेट परत वर चढायला काही सेकंद जातात. तेवढ्यात काम तमाम. तेव्हा सिम सेटिंगमध्ये जाऊन व्होल्टी चालू आहे का बघा, जिओवर प्रश्नच नाही कारण जिओकडे २जी-३जी नाहीच, पण दुसऱ्या कंपनीच्या सिमवर जुना फोन बदलताना हे बंद राहून गेलेलं असतं.

५जीवर असाल तर बऱ्याच फोनमध्ये कॉल आला की नेटवर्क ४जीवर उतरतं. नेट बंद होत नाही पण एक झटका बसतो, पिंग एकदम वर जाऊन परत खाली येतं. एवढं सहन करावं लागतं किंवा मॅचपुरतं नेटवर्क ४जीवरच लॉक करावं. ५जी अर्धंच येतंय अशा भागात राहत असाल तर मी तर म्हणेन कायमच ४जीवर लॉक करा, सारखं वर-खाली होण्यापेक्षा ते बरं.

माझे दोन सिम आहेत. नेट एकावर आणि कॉल दुसऱ्यावर. तरी तुटतं.

हो, तुटणारच. बहुतेक फोनमध्ये दोन सिम असले तरी एका वेळी बोलायला एकच मोकळं असतं, म्हणजे सिम दोनवर कॉल चालू झाला की सिम एकचा डेटा थांबतो. आपल्याकडे घरचा जुना नंबर एका सिमवर आणि स्वस्त डेटा दुसऱ्यावर ही पद्धत घरोघरी आहे, त्यामुळे हा प्रॉब्लेम पण घरोघरी.

यावर सेटिंग आहे, कॉलच्या वेळी डेटा दुसऱ्या सिमवर आपोआप न्यायची. आयफोनमध्ये अलाउ मोबाइल डेटा स्विचिंग, ॲन्ड्रॉइडमध्ये डेटा ड्युरिंग कॉल्स किंवा ऑटो स्विच अशा नावाने असते. पण एक लक्षात ठेवा, डेटा एका सिमवरून दुसऱ्यावर गेला की गेम रिकनेक्ट होतो, म्हणजे एक-दोन सेकंद तरी जातातच. आणि दुसऱ्या सिमवर डेटा पॅक पण पाहिजे ना! म्हणून रँक पुश करायला (रँक वाढवायला) बसणार असाल तर सरळ सेटिंगमधून दुसरं सिम तेवढ्यापुरतं ऑफ करा. सिम काढायची गरज नाही, नुसतं टॉगल आहे.

एअरप्लेन मोड टाकून वायफाय चालू केलं तर?

घरी वायफाय असेल तर हा सगळ्यात सोपा उपाय. मोबाइल नेटवर्कच नाही म्हटल्यावर साधा कॉल येणारच नाही. फक्त वायफाय कॉलिंग चालू असेल तर कॉल वायफायवरून आत येतो, ते बंद करा. व्हॉट्सॲप कॉल तर येणारच, कारण तो नेटवरूनच येतो.

पण हे रोज करू नका असं माझं मत आहे. घरात कोणी आजारी आहे, बाबा प्रवासात आहेत, बहीण रात्री ऑफिसवरून येतेय, अशा वेळी तुमचा फोन तासभर स्विच्ड ऑफ दाखवतोय हे चिकन डिनरपेक्षा (बीजीएमआयची मॅच जिंकण्यापेक्षा) महाग पडतं.

मग घरच्यांचा कॉल येईल आणि बाकीच्यांचा नाही असं होईल का?

होईल आणि हेच करा. घरच्यांचे नंबर फेवरिट किंवा स्टार करा आणि डीएनडीमध्ये फक्त स्टार केलेल्यांचे कॉल येऊ द्या. त्याच्या खाली रिपीट कॉलर असतं ते पण चालू ठेवा, म्हणजे तोच माणूस ॲन्ड्रॉइडवर १५ मिनिटांत दुसऱ्यांदा कॉल करेल तर वाजतो, आयफोनवर ही मुदत ३ मिनिटांची आहे. खरंच काही झालं असेल तर माणूस दोनदा करतोच.

आता यातला आपला देशी प्रॉब्लेम असा की आई पण दोनदा करते. पहिल्यांदा "कुठेस?" आणि उचलला नाही म्हणून लगेच दुसऱ्यांदा, आणि विषय काय तर येताना कोथिंबीर आण. याला सेटिंग नाही. "आई, अर्धा तास खेळतोय, मेसेज टाक" असं आधी सांगून बसायचं, आमच्यातल्या अर्ध्या पोरांचा प्रश्न एवढ्यावर सुटला.

कॉल येऊ दे, पण पूर्ण स्क्रीन व्यापू नये. जमेल?

जमतं. कॉलच्या सेटिंगमध्ये ॲप वापरताना कॉल कसा दिसावा याचा ऑप्शन असतो, सॅमसंगमध्ये फुल स्क्रीन, पॉप-अप आणि मिनी पॉप-अप असे तीन आहेत, मिनी ठेवा. तरी पूर्ण स्क्रीन येतेय म्हणजे तुमच्याकडे ट्रूकॉलरसारखं दुसरं डायलर ॲप आहे आणि ते सगळ्यांच्या वर येतंय. सेटिंगमध्ये "डिस्प्ले ओव्हर अदर ॲप्स" ची यादी उघडा आणि त्यात कोण कोण घुसलंय बघा, मेसेंजरचे गोल बुडबुडे, स्क्रीन रेकॉर्डर, कसलंसं क्लीनर ॲप जे तुम्ही कधी टाकलं तेच आठवत नाही. गरज नसलेल्या सगळ्यांची परमिशन काढा.

व्हॉट्सॲप ग्रुपचा भडिमार?

व्हॉट्सॲपच्याच सेटिंगमध्ये नोटिफिकेशनमध्ये जा, तिथे "हाय प्रायॉरिटी नोटिफिकेशन" असं आहे, मेसेजसाठी वेगळं आणि ग्रुपसाठी वेगळं. ग्रुपचं बंद केलं की मेसेज येतात, वर आयकॉन दिसतो, पण पट्टी उतरत नाही. हे गेम नसताना पण इतकं सुखाचं आहे की परत चालू करावंसं वाटत नाही. फॅमिली ग्रुप, सोसायटीचा ग्रुप, शाळेच्या बॅचचा ग्रुप हे तसेही कायमचे म्यूटवरच शोभतात. अनोळखी लोकांचे व्हॉट्सॲप कॉल येत असतील तर प्रायव्हसीमध्ये कॉल्सच्या आत सायलेन्स अननोन कॉलर्स चालू करा.

लोनवाले, प्लॉटवाले, क्रेडिट कार्डवाले यांचे कॉल?

१९०९ वर "स्टार्ट ०" असा एसएमएस इंग्रजीत पाठवा, सगळ्या जाहिरातींवर डीएनडी लागतं (हे फोनमधलं नाही, सिम कंपनीकडचं). ट्रायचं (टेलिकॉम कंपन्यांवर लक्ष ठेवणारी सरकारी संस्था) डीएनडी ॲप पण आहे, त्यातून तक्रार करता येते, आणि २०२५ च्या बदलापासून कॉल आल्यावर ७ दिवसांपर्यंत तक्रार चालते. १४० ने सुरू होणारे नंबर जाहिरातीचे, १६०० ने सुरू होणारे बँका, विमा आणि सरकारी कामाचे, त्यामुळे १६०० वाले सरसकट ब्लॉक करू नका. मात्र साध्या दहा आकडी नंबरवरून करणारे या नियमाला जुमानत नाहीत, त्यांच्यासाठी डायलरमधलं स्पॅम फिल्टर आणि गेम मोडच कामाला येतो.

यूट्यूबवर एकाने कोड सांगितला, तो डायल केला की गेममध्ये कॉल येत नाहीत म्हणे. खरं आहे का?

दोन प्रकारचे कोड फिरतात. #४३# ने कॉल वेटिंग बंद होतं, पण त्याचा गेमशी संबंध नाही, कॉल वेटिंग म्हणजे तुम्ही आधीच कोणाशी बोलत असताना दुसरा कॉल येणं. परत चालू करायला *४३#.

दुसरे कोड कॉल फॉरवर्डिंगचे, *२१* किंवा *४०१* ने सुरू होणारे. यांच्या नादी लागू नका. पुढे दुसऱ्याचा नंबर टाकला की तुमचे कॉल त्याच्याकडे जातात, ओटीपीचा कॉल पण, आणि यावरून एवढी फसवणूक झाली की दूरसंचार विभागाने १५ एप्रिल २०२४ पासून असं कोडवरून फॉरवर्डिंग बंद करायला कंपन्यांना सांगितलं. आधी कधी केलं असेल तर ##००२# डायल करून सगळं फॉरवर्डिंग काढून टाका.

मध्येच एक चौकोन येतो, "ओके / कॅन्सल", क्रिकेट स्कोअर नाहीतर ज्योतिष. हे काय आहे?

सिमवाल्यांचा फ्लॅश मेसेज. हा ॲपमधून येत नाही, सिममधून येतो, म्हणून नोटिफिकेशन सेटिंगमध्ये सापडत नाही. फोनमध्ये सिम टूलकिट नावाचं ॲप असतं, ते उघडून आत फ्लॅश किंवा तत्सम सर्व्हिस असेल ती डीॲक्टिव्हेट करा. घाईत ओके दाबू नका, कधीकधी पैसे कटणारी सर्व्हिस चालू होते.

कॉल नाही, मेसेज नाही, तरी लॅग येतोच.

मग बॅकग्राउंडला कोणीतरी डेटा ओढतंय. प्ले स्टोअरचं ऑटो अपडेट आणि गुगल फोटोजचा बॅकअप हे दोन नेहमीचे संशयित, लग्नाला जाऊन आलात की दोन दिवस फोटोजच अपलोड होत असतात. गेमच्या आधी बॅकअप थांबवा. घरात कोणी त्याच वायफायवर मोठं डाउनलोड करत असेल तर ते पण बघा.

वायफाय २.४ वर असेल तर ५ गिगाहर्ट्झवर जा. २.४ वर ब्लूटूथ, शेजाऱ्यांचे राउटर आणि किचनमधला मायक्रोवेव्ह सगळे एकत्र नांदतात. ५ ची रेंज कमी, भिंतीपलीकडे दम लागतो, म्हणून राउटर ज्या खोलीत त्याच खोलीत बसा.

लाईट गेली की वायफाय जातं आणि मॅच पण.

राउटरला मिनी यूपीएस लावा, बहुतेक राउटर १२ व्होल्टवर चालतात, अडॅप्टरवर लिहिलेलं वाचून त्याच व्होल्टचा घ्या. फायबर कनेक्शनमध्ये ओएनटीचा डबा (ज्यात फायबरची वायर येते तो) वेगळा असेल तर त्याला पण वीज लागते, नुसता राउटर चालू ठेवून उपयोग नाही. मिनी यूपीएस नसेल तर निदान मोबाइल डेटा चालू ठेवून खेळा म्हणजे फोन स्वतः डेटावर जाईल.

फोन गरम झाला की हँग होतो, स्क्रीन मंद होते.

फोन स्वतःला वाचवतोय, त्यात बिघाड काही नाही. ॲपल तर आयफोन ३५ डिग्रीपर्यंतच्या हवेत वापरा म्हणतं, आणि नागपूर-चंद्रपूरकडे मे महिन्यात पारा ४४-४५ ला जातो, तिथे फोन काय करणार बिचारा. कव्हर काढा, ब्राइटनेस कमी करा, ग्राफिक्स स्मूथवर आणा, आणि चार्जिंगला लावून खेळू नका. बॅटरी कमी असल्याची पट्टी पण ऐन मोक्यालाच येते, म्हणून आधीच चार्ज करून बसा.

काही फोनमध्ये बायपास चार्जिंग असतं, म्हणजे वीज बॅटरीत न जाता थेट फोनला जाते आणि फोन कमी तापतो. सॅमसंगच्या वरच्या मॉडेलमध्ये गेम बूस्टरमध्ये "पॉज यूएसबी पॉवर डिलिव्हरी" म्हणून आहे, आसुस आरओजीमध्ये आहे. असेल तर जरूर वापरा.

गेममधल्याच जाहिराती येतात, त्या?

लुडो किंगसारखा गेम, जो आपल्या नवी मुंबईच्या गेमेशन कंपनीचा आहे, तो कॉम्प्युटरविरुद्ध किंवा एकाच फोनवर चौघं मिळून खेळत असाल तर नेट बंद करून खेळा, जाहिरात यायला नेटच नाही. ऑनलाइन मॅचला हे चालत नाही. फोनच्या नेटवर्क सेटिंगमधलं प्रायव्हेट डीएनएस लावून जाहिराती अडवता येतात, पण मग "जाहिरात बघा आणि कॉइन घ्या" वालं पण बंद पडतं. गेम आवडत असेल तर एकदाच पैसे भरून जाहिराती काढणं मला तरी जास्त पटतं.

सरकारी इमर्जन्सी अलर्ट जोरात वाजतो, तो बंद करू का?

नको. २०२३ मध्ये टेस्टिंग चालू होतं तेव्हा सगळ्यांच्या फोनवर मोठ्याने वाजलं होतं आणि लोक दचकले होते, पण पूर, वादळ, वीज यासाठीच ती सोय आहे. एक मॅच गेली तर गेली.

लहान मुलगा माझ्या फोनवर खेळतो आणि गेममधून बाहेर पडून कोणालाही कॉल लावतो.

ॲन्ड्रॉइडमध्ये ॲप पिनिंग आणि आयफोनमध्ये गाइडेड ॲक्सेस. गेम उघडून लॉक केला की पासवर्डशिवाय बाहेर पडता येत नाही. ॲन्ड्रॉइडवर पिन काढताना लॉक मागायचा ऑप्शन वेगळा चालू करावा लागतो, नाहीतर पोरं दोन मिनिटांत शिकतात.

खेळून झाल्यावर डीएनडी काढायला विसरतो आणि मग दिवसभर कॉल मिस होतात.

डीएनडीच्या बटणावर नुसतं टॅप न करता दाबून धरा किंवा सेटिंगमध्ये ड्युरेशन बघा, तिथे "दर वेळी विचारा" ठेवलं की लावतानाच एक तास, दोन तास असं विचारतं आणि वेळ संपली की आपोआप निघतं. गेम मोड वापरणाऱ्यांना हे लागतच नाही. पण मॅच संपल्यावर लॉबीत बसून गप्पा मारणारे असाल तर गेम चालूच धरला जातो, म्हणजे कॉल पण अडलेलेच राहतात, तेव्हा गप्पा मारायच्या तर गेममधून बाहेर येऊन मारा.